छायालेखकाची नजर कशी ओळखावी : दिमो कोलारोव यांच्या चित्रपटांच्या आधारे

दर वर्षी नोव्हेंबरच्या उत्तरार्धात पणजीत भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो. २००४ साली तो गोव्यात आला आणि तेव्हापासून फोंडा, म्हापसा, डिचोली, पेडणे अशा गावांतून येणाऱ्या मराठी रसिकांची एक पिढी त्याच्यावर वाढली. दोन खेळांच्या मधल्या अर्ध्या तासात जुन्या गोमेकॉच्या (गोवा मेडिकल कॉलेजच्या) आवारात जी चर्चा रंगते, तिच्यात कथा, अभिनय आणि आशय यांवर नेमके बोलणारे पुष्कळ भेटतात. छायालेखनाचा विषय निघाला की मात्र ‘कॅमेरा अप्रतिम होता’ या वाक्यापाशी सगळे थांबतात. वाक्य खोटे नसते, पण त्यातून काही कळत नाही. जे अप्रतिम वाटले ते दिग्दर्शकाने ठरवले होते की छायालेखकाने, आणि त्यातला किती वाटा त्या देशाच्या उन्हाचा होता, हे प्रश्न तसेच राहतात.

या प्रश्नांकडे जाण्याची एक पद्धत इथे मांडतो आहे. उदाहरणासाठी बल्गेरियाचे छायालेखक दिमो कोलारोव यांची निवड केली आहे. त्यांची कारकीर्द अभ्यासाला सोयीची आहे: तिच्यात दोन दिग्दर्शकांबरोबरचे दोन स्वतंत्र कालखंड दिसतात, काम प्रामुख्याने कृष्णधवल आहे, आणि त्यांनी टिपलेला १९७२ सालचा एक चित्रपट बल्गेरियन सिनेमाच्या अत्यंत मानाच्या कृतींमध्ये गणला जातो. बल्गेरियन सिनेमा आपल्याला अगदी परकाही नाही. कोविडमुळे पुढे ढकलून जानेवारी २०२१ मध्ये झालेल्या ५१व्या महोत्सवात कामेन कालेव या बल्गेरियन दिग्दर्शकाला ‘फेब्रुवारी’ या चित्रपटासाठी विशेष परीक्षक पुरस्कार मिळाला होता. त्याचे छायालेखन इव्हान चेर्तोव यांचे आहे. त्याच्याकडे पुढे वळू.

आधी नावांचा गुंता सोडवावा

छायालेखकाचा अभ्यास त्याच्या चित्रपटांच्या अचूक यादीपासून सुरू होतो आणि बल्गेरियन नावांच्या बाबतीत पहिली ठेच इथेच लागते. बल्गेरियन भाषा सिरिलिक लिपीत लिहिली जाते आणि त्या लिपीत एक स्वर असा आहे, की ज्याचा उच्चार आपल्या ‘अ’च्या फार जवळ जातो. रोमन लिपीत या स्वरासाठी सोयीचे अक्षर नसल्यामुळे कोणी त्याच्या जागी ‘यू’ लिहितो, कोणी ‘ए’. परिणामी जुने दिग्दर्शक रांगेल वल्चानोव आणि आजचे दिग्दर्शक पेतर वल्चानोव यांची आडनावे मूळ लिपीत अक्षरशः एकच असूनही इंग्रजी सूचींमध्ये वेगवेगळ्या स्पेलिंगांनी येतात आणि शोधणारा अर्ध्या माहितीला मुकतो. देवनागरीत हा प्रश्न उद्भवतच नाही. म्हणून नाव प्रथम देवनागरीत उच्चाराप्रमाणे लिहून ठेवावे, त्याची दोन्ही रोमन रूपे त्याच्यापुढे टिपावीत आणि मगच शोध घ्यावा. सिरिलिक रूप चिकटवून शोधल्यास आणखी बरेच हाती लागते.

दुसरी अडचण पदनामाची आहे. बल्गेरियन श्रेयनामावलीत छायालेखकाला ‘ओपेरातोर’ म्हणतात. आपल्याकडे ऑपरेटर म्हटले की प्रक्षेपण खोलीतला माणूस डोळ्यांसमोर येतो, आणि इंग्रजी पद्धतीच्या चित्रपटसंघात कॅमेरा ऑपरेटर हा छायालेखकाच्या हाताखाली प्रत्यक्ष कॅमेरा चालवणारा वेगळा माणूस असतो. बल्गेरियन नामावलीत मात्र हा शब्द मुख्य छायालेखकासाठीच आहे. नामावली वाचताना तेवढे लक्षात ठेवावे.

आता यादी. रांगेल वल्चानोव यांचा पहिला चित्रपट ‘लहानशा बेटावर’ १९५८ साली आला, त्यानंतर १९६० साली ‘पहिला धडा’ आणि १९६२ साली ‘ऊन आणि सावली’. तिन्हींचे छायालेखन कोलारोव यांचे आणि तिन्हींची पटकथा कवी वालेरी पेत्रोव यांची. पुढे कोलारोव मेतोदी आंदोनोव यांच्याबरोबर दिसतात: १९६८चा ‘पांढरी खोली’ आणि १९७२चा ‘कोझियात रोग’, म्हणजे ‘शेळीचे शिंग’. आंदोनोव रंगभूमीवरून आलेले दिग्दर्शक होते, त्यांनी मोजकेच चित्रपट केले आणि १९७४ साली वयाच्या चाळिशीतच त्यांचे निधन झाले. ही यादी एका वहीच्या पानावर वर्ष, दिग्दर्शक, पटकथाकार आणि रंग की कृष्णधवल अशा रकान्यांत मांडावी. पान समोर आले, की अभ्यासाचा मूळ प्रश्न आपोआप दिसू लागतो: दिग्दर्शक बदलला, लेखक बदलला, दशक बदलले, या सगळ्यात न बदललेले असे काय आहे? छायालेखकाची शैली त्या न बदललेल्या भागात असते. एखाद्या देखण्या चौकटीत ती सापडेलच असे नाही.

प्रत आणि पडदा

चुकीच्या प्रतीवरून काढलेला निष्कर्ष चुकीचाच ठरतो. काही वर्षांपूर्वी एका संस्थेच्या खेळाला मी १९६०च्या आसपासचा एक कृष्णधवल चित्रपट पाहिला आणि त्यातील माणसांच्या ठेंगण्या, रुंद आकृतींविषयी वहीत दोन पाने लिहून काढली. घरी आल्यावर कळले, की जवळजवळ चौकोनी चित्र आजच्या रुंद पडद्यावर ताणून बसवले होते. त्या काळातील पुष्कळ चित्रपटांच्या चौकटीची रुंदी उंचीच्या सुमारे १.३७ पट असते, तर घरच्या टीव्हीचा पडदा १.७८ पट रुंद असतो. म्हणून पहिल्या दोन मिनिटांत गाडीचे चाक, ताट किंवा घड्याळ अशी एखादी गोल वस्तू शोधावी. ती लंबगोल दिसली तर प्रत बदलावी किंवा टीव्हीची मांडणी दुरुस्त करावी. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या दिसल्या तर बिचकू नये. चित्र योग्य मापात असल्याची ती खूण आहे.

घरी पाहताना टीव्हीतील हालचाल गुळगुळीत करणारी सोय आवर्जून बंद करावी. चित्रपट सेकंदाला २४ चौकटी या गतीने टिपलेला असतो. ही सोय मधल्या चौकटी स्वतः तयार करून घालते आणि हातात धरलेल्या कॅमेऱ्याचा कंप पुसून टाकते. तो कंप हाच जिथे अभ्यासाचा विषय आहे, तिथे आपण भलत्याच गोष्टीचा अभ्यास करत बसतो. चित्राची मांडणी ‘सिनेमा’वर ठेवावी, खोलीत काळोख करावा. कृष्णधवल चित्रपटात सावलीतला तपशील पाहायचा असतो आणि दुपारी उघड्या खिडकीसमोर तो दिसत नाही. चित्रपटगृहातील डिजिटल प्रक्षेपणासाठी पडद्याच्या उजळपणाचे ४८ कँडेला प्रति चौरस मीटर असे प्रमाण ठरलेले आहे, जे घरच्या उजळ टीव्हीपेक्षा पुष्कळ मंद असते. छायालेखकाने आपल्या सावल्या अशाच मंद पडद्यासाठी तोललेल्या असतात.

देशाचे ऊन आणि माणसाची निवड

हा टप्पा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो आणि गोव्यात राहणाऱ्याला तो स्वतःच्या अंगणात करून पाहता येतो.

परदेशी चित्रपटातील प्रकाश वेगळा दिसला, की आपण त्याचे सगळे श्रेय छायालेखकाला देतो. पण सूर्य आकाशात कुठे आहे हे छायालेखक ठरवत नाही. पणजी सुमारे १५.५ अंश उत्तर अक्षांशावर आहे आणि सोफिया सुमारे ४२.७ अंशांवर. २१ डिसेंबरच्या मध्यान्ही पणजीत सूर्य क्षितिजापासून जवळजवळ ५१ अंश वर असतो, तर सोफियात जेमतेम २४ अंश. त्याचा अर्थ असा, की त्या दिवशी भर दुपारी पणजीत उभ्या असलेल्या माणसाची सावली त्याच्या उंचीहून आखूड पडते आणि सोफियातल्या माणसाची सावली त्याच्या उंचीच्या सव्वादोन पट लांब पडते. उन्हाळ्यातही सोफियाचा सूर्य ७१ अंशांच्या वर चढत नाही, डोक्यावर येण्याचा प्रश्नच नाही. आपल्याकडे मात्र मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात आणि पुन्हा १० ऑगस्टच्या आसपास तो अगदी माथ्यावर येतो. ऑगस्टमधला ढगांत दडलेला असतो. मेमधला भुवयांखाली काळे खड्डे पाडतो, आणि म्हणूनच बाहेरचे चित्रीकरण करणारे आपले लोक त्या दिवसांत दुपारी कॅमेरा झाकून ठेवतात.

तेव्हा ‘शेळीचे शिंग’ पाहताना चेहऱ्यावर बाजूने पडलेले ऊन दिसले, तर त्यातला काही भाग त्या अक्षांशाची देणगी समजून बाजूला काढावा. उरलेले छायालेखकाचे. माणसाला उन्हाकडे तोंड करून उभे केले आहे की पाठ करून? पार्श्वभूमीला उजळ खडक ठेवला आहे की काळी कपार? आकाशाला चौकटीत किती जागा दिली आहे? हे निर्णय सूर्य घेत नाही.

बाजूचा आणि पसरलेला प्रकाश समजून घेण्यासाठी गोव्याइतकी चांगली शाळा क्वचितच मिळेल. जुन्या घरांच्या खिडक्यांना शिंपल्यांची तावदाने असतात. सकाळी दहाच्या सुमारास अशा खिडकीपासून हातभर अंतरावर घरातल्या एखाद्या वडीलधाऱ्या माणसाला बसवावे आणि मोबाइलने चेहऱ्याचे छायाचित्र घ्यावे. मग खिडकी उघडून त्याच जागी पुन्हा घ्यावे. पहिल्या चित्रात नाकाची सावली गालावर विरघळत जाईल, दुसऱ्यात तिला कडा येईल. ऊन तेच आहे. त्याच्या वाटेत काय ठेवले एवढाच फरक आहे. १९५६ सालच्या ‘अपराजितो’साठी छायालेखक सुब्रत मित्र यांनी बनारसच्या घराच्या चौकाचा देखावा स्टुडिओत उभारल्यावर वर पांढरे कापड ताणून त्याच्यावरून प्रकाश परतवला, तेव्हा ते हेच तत्त्व वापरत होते. हा प्रयोग एकदा स्वतः केला, की पडद्यावरील कोणताही चेहरा पाहून प्रकाशाचा उगम मोठा होता की लहान, जवळ होता की लांब, हे सांगता येऊ लागते.

दुसरा प्रयोग रंगाचा. कृष्णधवल चित्रपटात लाल चिरा आणि हिरवे पान एकाच करड्या छटेत मिसळून जाऊ शकतात, आणि त्यांना वेगळे काढण्यासाठी छायालेखक भिंगासमोर रंगीत काच लावतो. लाल काच लावली तर चिरा उजळतो, पान काळवंडते आणि निळे आकाश गडद होऊन त्यावर ढग उठून दिसतात. हिरवी लावली तर याच्या जवळजवळ उलट घडते. पावसाळ्यानंतर एखाद्या चिऱ्याच्या गडग्याचे, त्यावर वाढलेल्या वेलीसह, रंगीत छायाचित्र घ्यावे, संपादनाच्या ॲपमध्ये ते कृष्णधवल करावे आणि लाल व हिरव्या रंगाच्या पट्ट्या मागेपुढे सरकवून पाहाव्यात. कृष्णधवल म्हणजे रंगाचा अभाव, ही समजूत पाच मिनिटांत जाते. आंदोनोव आणि कोलारोव यांच्यासमोर १९७२ साली रंगीत फिल्मचा पर्याय होता. तरीही त्यांनी सतराव्या शतकातील ही सूडकथा कृष्णधवल ठेवली. त्या निवडीचा अर्थ लावताना हा प्रयोग उपयोगी पडतो.

एकच चित्रपट तीन वेळा

पहिल्यांदा चित्रपट केवळ चित्रपट म्हणून पाहावा, वही बंद ठेवावी. ‘शेळीचे शिंग’ची कथा थोडक्यात अशी: ऑटोमन राजवटीतील बल्गेरियात काराइव्हान नावाच्या मेंढपाळाच्या पत्नीवर चौघे अत्याचार करतात आणि तिचा जीव जातो. तो आपल्या लहान मुलीला, मारियाला, डोंगरात नेतो, मुलासारखी वाढवतो आणि सूड घ्यायला शिकवतो. ती मोठी होऊन एका तरुण मेंढपाळाच्या प्रेमात पडते आणि बापाने रचलेले सगळे ढासळते. संवाद फार थोडे आहेत. भाषा न समजणाऱ्या प्रेक्षकालाही चित्रपट धरून ठेवतो आणि ज्यांना उपशीर्षके वाचताना चौकट निसटते, त्यांच्यासाठी तर तो फार सोयीचा आहे.

दुसऱ्या वेळी आवाज पूर्ण बंद करून मधली वीस मिनिटे पाहावीत. संगीत नसले की चौकटीतील तोल उघडा पडतो. या वेळी वहीत मोजक्याच गोष्टी टिपाव्यात: कॅमेरा माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर आहे, खाली आहे की वर, चौकटीत माणसाने किती जागा व्यापली आहे, कॅमेरा हलला तर कोणामुळे हलला. शेवटचा मुद्दा विशेष लक्षपूर्वक पाहावा. पात्र चालू लागल्यामुळे कॅमेरा चालला, की पात्र स्थिर असताना कॅमेऱ्याला स्वतःहून काही सांगायचे होते? पहिल्या प्रकारात छायालेखक सोबती असतो, दुसऱ्या प्रकारात निवेदक.

आपल्यापैकी बहुतेकांची दृश्यकलेशी पहिली ओळख देवळाच्या प्रांगणातील उत्सवी नाटकात झालेली असते आणि तिथे आपण एकाच जागी बसून रंगमंच पाहतो. नटाचा चेहरा जवळून पाहायचा तर लवकर जाऊन पुढची जागा धरावी लागते. चित्रपटात छायालेखक आपली जागा क्षणाक्षणाला बदलत असतो. आंदोनोव रंगभूमीवरून आले होते हे ध्यानात ठेवून असे पाहावे, की कोणत्या प्रसंगात आपल्याला नाटकाच्या प्रेक्षकासारखे दूर, समोर आणि स्थिर बसवले आहे आणि नेमक्या कोणत्या क्षणी उचलून चेहऱ्यापाशी नेले आहे. मी स्वतः या चित्रपटाकडे या प्रश्नातूनच शिरलो आणि आजही तोच प्रश्न मला सर्वांत फलदायी वाटतो.

तिसऱ्या वेळी चित्र थांबवून पाहावे आणि मोजावे. सलग दहा मिनिटांचा भाग निवडून त्यातील कट, म्हणजे एक शॉट संपून दुसरा सुरू होण्याच्या जागा, मोजाव्यात. ६०० सेकंदांत समजा ७५ कट निघाले, तर एका शॉटची सरासरी लांबी आठ सेकंद. हा आकडा एकटा काही सांगत नाही. त्याच छायालेखकाच्या दुसऱ्या चित्रपटाशेजारी ठेवला की बोलू लागतो. शॉटची लांबी अखेर संकलनात ठरते, हेही विसरू नये. मात्र तीस सेकंद टिकणारी चौकट मुळात तीस सेकंद पाहण्याजोगी रचावी लागते आणि ते काम छायालेखकाचे असते.

याच वेळी कात्या पास्कालेवा यांचे चेहरे शेजारी ठेवावेत. या अभिनेत्रीने आई आणि मोठी झालेली मारिया अशा दोन्ही भूमिका केल्या आहेत. आईच्या एका चौकटीचे आणि मारियाच्या एका चौकटीचे छोटे रेखाटन वहीत करावे. चित्रकला येत नसली तरी चालेल, प्रकाशाची बाजू बाणाने आणि सावलीचा भाग तिरप्या रेघांनी दाखवला की पुरे. चेहरा तोच असताना वेगळेपण कशातून आले, वेषभूषा आणि केसांतून किती, अभिनयातून किती आणि प्रकाशातून किती, हे या दोन रेखाटनांवरून ताडता येते.

दिग्दर्शक बदलून पाहणे

यानंतर वल्चानोव यांच्या कालखंडाकडे जावे. ‘लहानशा बेटावर’ची पार्श्वभूमी १९२३चा सप्टेंबर उठाव चिरडल्यानंतरची आहे, राजकीय कैद्यांना काळ्या समुद्रातील एका बेटावर डांबलेले आहे. इथे छायालेखकासमोर एक अवघड प्रश्न होता: ज्या तुरुंगाभोवती सगळीकडे मोकळे क्षितिज आहे, तिथे कोंडमारा दाखवायचा कसा? आग्वादच्या किल्ल्यात जे गेले असतील त्यांना हा प्रश्न चटकन कळेल. पोर्तुगीज राजवटीत आपल्या स्वातंत्र्यसैनिकांना तिथे कोंडले होते आणि समोर अरबी समुद्र अथांग पसरलेला होता. आग्वादच्या तटावर उभे राहून मोबाइलने दोन चौकटी घ्याव्यात: एकीत क्षितिज अगदी वर, दुसरीत अगदी खाली. पहिलीत समुद्र भिंतीसारखा उभा राहतो, दुसरीत तो जमिनीसारखा आडवा होतो आणि आकाश खुले होते. हे करून झाल्यावर कोलारोव यांनी क्षितिजरेषा कुठे कुठे ठेवली आहे ते चित्रपटात शोधावे.

‘ऊन आणि सावली’ समुद्रकिनाऱ्यावरील एका मुलाची आणि मुलीची, अणुयुद्धाच्या भीतीची छाया पडलेली गोष्ट आहे. इथे ना डोंगर आहे ना तुरुंग, फक्त वाळू, पाणी आणि ऊन. वाळूवरून उसळणारा प्रकाश चेहऱ्यावर खालून येतो आणि डोळ्यांखालच्या सावल्या भरून काढतो. मिरामारच्या किनाऱ्यावर संध्याकाळी चार वाजता कोणाचाही चेहरा पाहिला तरी हे दिसते. उघड्या किनाऱ्यावर सावलीचा अर्थ निर्माण करणे आणि डोंगराच्या कपारीत उन्हाचा अर्थ निर्माण करणे, ही दोन्ही कामे एकाच माणसाने दहा वर्षांच्या अंतराने केली, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. ‘पांढरी खोली’ या दोहोंच्या मधला दुवा आहे. तो समकालीन जीवनावरचा असल्यामुळे छत, भिंती आणि खिडक्या यांच्या आत कोलारोव प्रकाश कसा रचतात ते तिथे पाहता येते.

हे चित्रपट पाहून झाले, की वहीतील पानांवर समान गोष्टींखाली रेघ ओढावी. दोन दिग्दर्शकांत जे सारखे आढळले ते छायालेखकाचे असण्याची शक्यता अधिक. जे फक्त एकाच दिग्दर्शकाबरोबर आढळले ते बहुधा त्या दिग्दर्शकाचे. हा नियम अगदी बिनचूक नाही, कारण कालखंड, कच्ची फिल्म आणि स्टुडिओची साधनेही बदललेली असतात. परंतु त्यामुळे निदान दावा तपासता येतो.

बल्गेरियाच्या बाबतीत एक जास्तीची संधी मिळते. तिथे छायालेखकाने दिग्दर्शक होण्याची परंपरा आहे. मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत छायालेखन शिकलेले वलो रादेव यांनी १९६२चा ‘तंबाखू’ टिपला आणि दोन वर्षांनी स्वतः ‘पीच चोर’ दिग्दर्शित केला. पण त्या वेळी कॅमेरा मात्र तोदोर स्तोयानोव यांच्या हाती दिला. स्तोयानोव यांनी पुढे १९६७ साली ग्रिशा ओस्त्रोव्स्की यांच्यासह ‘ओत्क्लोनेनिये’चे सहदिग्दर्शन केले. १९८८चा ‘हिंसेचा काळ’ टिपणारे रादोस्लाव स्पासोव यांनीही नंतर दिग्दर्शनाची वाट धरली. छायालेखक असलेला दिग्दर्शक जेव्हा दुसऱ्या छायालेखकाकडे कॅमेरा सोपवतो, तेव्हा काय घडते हे पाहण्यासाठी ‘तंबाखू’ आणि ‘पीच चोर’ पाठोपाठ पाहावेत. दिग्दर्शकाची नजर आणि छायालेखकाचा हात यांतील अंतर इतक्या स्वच्छपणे क्वचितच पाहायला मिळते.

आजचे कॅमेरे

जुन्यांवर हात बसला, की आजच्या कामाकडे वळावे. क्रुम रोद्रिगेझ यांनी क्रिस्तिना ग्रोझेवा आणि पेतर वल्चानोव या दिग्दर्शकद्वयासाठी ‘उरोक’ (२०१४), ‘स्लावा’ (२०१६) आणि ‘बश्ताता’ (२०१९) हे तीन चित्रपट टिपले. त्यांपैकी ‘स्लावा’त रुळांवर पैसे सापडलेला एक रेल्वे कामगार ते प्रामाणिकपणे परत करतो आणि सरकारी यंत्रणेच्या कचाट्यात सापडतो. कॅमेरा हातात धरलेला आहे. तो ओळखण्यासाठी माणसाकडे न पाहता चौकटीची कड पाहावी. पात्र निश्चल बसलेले असतानाही कडेपाशी असलेली दाराची चौकट श्वास घेतल्यासारखी किंचित हलत असेल, तर कॅमेरा कोणाच्या तरी हातात किंवा खांद्यावर आहे. इथे दिग्दर्शक बदलत नसल्यामुळे आधीची कसोटी चालत नाही. त्याऐवजी असे विचारावे, की कॅमेरा पात्राच्या किती जवळ उभा आहे आणि संकट वाढत गेले तसतसे ते अंतर घटले की वाढले.

‘फेब्रुवारी’ अगदी दुसऱ्या टोकाला आहे. पेतर नावाच्या एकाच माणसाची आठ, अठरा आणि ब्याऐंशी ही तीन वये तीन भागांत येतात. बोलणे थोडे आणि भूमी विस्तीर्ण. प्रत्येक भागातील दहा चौकटी थांबवून माणसाची उंची चौकटीच्या उंचीच्या कितवा हिस्सा आहे ते पट्टीने मोजावे. वय वाढत जाताना माणूस आणि भूमी यांचे प्रमाण कसे सांभाळले आहे, ते या मोजणीतून दिसते, आणि चेर्तोव यांच्या कामाविषयी पहिले ठाम वाक्य लिहिण्यास तेवढा पुरावा पुरतो.

टिपण लिहिताना

रसिक मंडळाच्या खेळापूर्वी वाटण्यासाठी टिपण लिहायचे असेल तर ते एका पानात बसवावे. पहिल्या परिच्छेदात छायालेखकाची चार ओळींत कारकीर्द द्यावी, वर्षे नामावलीवरून ताडून घ्यावीत. दुसऱ्यात एकाच चौकटीचे वर्णन करावे, पण नेमके: प्रकाश कुठून आला, क्षितिज कुठे होते, माणूस केवढा होता, कॅमेरा कोणामुळे हलला. ‘विलोभनीय’, ‘काव्यात्म’, ‘नितांतसुंदर’ ही विशेषणे मनात आली की तिथेच थांबून, ज्या गोष्टीमुळे ती आली ती गोष्ट लिहावी. तिसऱ्या परिच्छेदात प्रेक्षकाला एकच प्रश्न द्यावा आणि उत्तर देऊ नये.

महोत्सवात बसताना टिपणे काळोखात, न पाहता, मोठ्या अक्षरांत काढावीत. मोबाइलचा उजेड शेजाऱ्याच्या डोळ्यांतल्या सावल्या घालवतो. खेळानंतर चित्रपटसंघाशी संवाद असेल आणि छायालेखक स्वतः उपस्थित असतील, तर ‘प्रेरणा कुठून मिळाली’ असे न विचारता अमुक प्रसंगात खिडकी डावीकडे का ठेवली असे विचारावे. अशा प्रश्नाला छायालेखक आनंदाने आणि तपशिलात उत्तर देतात. ते उत्तर त्याच रात्री, चित्रपटाचे नाव आणि प्रसंग नोंदवून, वहीत त्या छायालेखकाच्या पानावर उतरवून घ्यावे.